चाक व टायर निवड समितीचा सर्वानुमते निर्णय

आमच्या सात आसनी गाडीचे चारही टायर पूर्णपणे गुळगुळीत झाले असल्याची बाब महिन्याच्या पहिल्या मंगळवारी सकाळी सात वाजून चाळीस मिनिटांनी निदर्शनास आली. निदर्शनास आणून देणारी व्यक्ती म्हणजे माझी आई. किल्ली हातातून निसटून गाडीखाली गेली म्हणून ती वाकली, तोल सावरायला तिने टायरवर हात टेकला, आणि तो हात सरळ सटकला.

"अगं बाई! अरे, यापेक्षा माझ्या टाचा खरखरीत आहेत," ती म्हणाली. "या गाडीतून नेणार तू मला?"

नेणार होतो, हे खरे. त्याच महिन्याच्या शेवटच्या रविवारी मावशीला नव्वद वर्षे पूर्ण होत होती. मावशी म्हणजे आईची सख्खी थोरली बहीण. ती डोंगरापलीकडे राहते, गाडीने चार तास. दोघींची नऊ वर्षांत गाठभेट नव्हती. फोन रोज होतो, पण फोनवर दोघींनाही ऐकू येत नाही, त्यामुळे अर्धा तास त्या एकमेकींना "काय?" एवढेच विचारतात आणि थकून फोन ठेवतात. आईला एकदा बहिणीच्या शेजारी बसून बोलायचे होते. दुसरे काही मागणे नव्हते. तिची पिशवी तर केव्हाची भरून दाराशी तयार होती.

मी गाडी घेऊन कोपऱ्यावरच्या टायरवाल्याकडे गेलो. त्याने गाडीभोवती एक फेरी मारली आणि हातातला पाना न ठेवताच म्हणाला, "काका, हेच माप, हाच प्रकार. पाऊण तासात मोकळे व्हाल."

पाऊण तास! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी एका मोठ्या कार्यालयात साधनसामग्री विभागाचा अधीक्षक आहे. सत्तावीस वर्षे झाली. आमच्याकडे भिंतीवरचे एक घड्याळ बदलायला चौदा महिने लागले होते. त्या चौदा महिन्यांत कार्यालयात कुणी वेळेवर आले नाही हे मान्य, पण जे घड्याळ आले त्याला आजतागायत कुणी नाव ठेवलेले नाही. आणि हा मला चार-चार टायर पाऊण तासात घ्यायला सांगतो! मी गाडी तशीच परत आणली आणि संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर 'चाक व टायर निवड समिती' स्थापन केली.

अध्यक्ष मी. सचिव आमची ही. तांत्रिक सदस्य म्हणून चिरंजीव, कारण त्याचे कॉलेजचे दुसरे वर्ष चालू आहे आणि घरात इंटरनेट तोच वापरतो. विशेष निमंत्रित म्हणून मेहुणे, म्हणजे हिचे धाकटे बंधू. मेहुण्यांकडे गाडी नाही. त्यांना गाडी चालवताही येत नाही. त्यामुळे गाड्यांविषयीचे त्यांचे मत संपूर्णपणे निःपक्षपाती असते. आईला मात्र समितीवर घेता आले नाही. प्रवास तिच्याचसाठी होता. तिचे हितसंबंध गुंतलेले होते.

"अहो, टायर घ्यायचेत, राज्य चालवायचं नाहीये," ही म्हणाली. मी ते वाक्य इतिवृत्तात घ्यायला सांगितले. तिने घेतले, आणि तिथेच फसली. स्वतःचे बोलणे कागदावर उतरलेले बघून भल्याभल्यांना चव लागते. दुसऱ्या बैठकीला ही स्वतःचे तीन मुद्दे लिहून घेऊन आली.

हिचे म्हणणे, टायर बिनआवाजी हवेत. गाडीत बसल्यावर मागून काय बोलतात ते तिला ऐकू आलेच पाहिजे. चिरंजीवांचे म्हणणे, रिम अठरा इंची, चकचकीत आणि दहा काड्यांची हवी. "बाबा, लोक आधी चाकं बघतात. मग आत कोण बसलंय ते बघतात, तेही वेळ असेल तर." मेहुण्यांचा आग्रह जाड, दणकट, खोल नक्षीच्या टायरचा होता.

"भावोजी, घाटात दरड कोसळली तर?" त्यांनी विचारले.

"तर रस्ता बंद होईल."

"साध्या टायरवाल्यांना बंद होईल. आपल्याला नाही. आणि बर्फ पडला तर?"

"इथे कधी बर्फ पडलाय?"

"म्हणूनच तर आपली तयारी नाही!" मेहुणे म्हणाले. या माणसाच्या बुद्धीची झेप बघून मी खरोखर गहिवरलो.

चिरंजीवांनी तीनशे बारा प्रकारच्या टायरांचा तुलनात्मक तक्ता केला. तो टेबलावर मावेना म्हणून बैठकखान्यात भिंतभर चिकटवला. तिथे आईची झोपायची खाट होती, ती स्वयंपाकघराच्या दाराशी सरकवली. रोज बैठक सुरू झाली की तिथून आवाज यायचा, "झालं का रे?" मी शांतपणे सांगायचो की प्रक्रिया सुरू आहे. बारा दिवस राहिले, तेव्हाही प्रक्रिया सुरू होती. आठ राहिले, तेव्हाही. आई बोटांवर दिवस मोजत होती आणि आम्ही नक्षीची खोली मोजत होतो.

शेवटी घोडे अडले ते एकमतावर. तेव्हा माझ्याच डोक्यातून एक अत्यंत न्याय्य तोडगा निघाला. चाके चार, सदस्य चार. प्रत्येकाने आपापले एक चाक निवडावे! टाळ्या पडल्या. मी आनंदाने तरंगत टायरवाल्याकडे गेलो आणि चार वेगवेगळ्या टायरांची यादी त्याच्यापुढे ठेवली. त्याने ती वाचली, उलटी करून वाचली, मग माझ्याकडे बराच वेळ बघितले.

"काका, गाडी आहे ही. गोधडी नाही."

झाले! समिती पुन्हा बसली, आणि सहा दिवस उरले असता ठराव क्रमांक चौदा सर्वानुमते मंजूर झाला. त्यात कुणावरही अन्याय नव्हता. चिरंजीवांची अठरा इंची रिम, तिच्यावर मेहुण्यांचा जाड टायर, आणि जाडीमुळे वाढलेला आवाज कमी व्हावा म्हणून हिच्या आग्रहाने तो आणखी दोन बोटे रुंद.

टायरवाला म्हणाला, "काका, अजून सांगतो. एवढं मोठं चाक मडगार्डला घासणार."

"घासणार नाही. ठराव सर्वानुमते आहे."

"पण चाकाला ते कुठं माहीत आहे?"

अशा माणसांशी वाद घालण्यात अर्थ नसतो. चाके मागवली गेली आणि शुक्रवारी संध्याकाळी बसली. काय सांगू त्या गाडीचा थाट! कालपर्यंत खाली मान घालून उभी असणारी आमची गरीब गाडी एकदम छाती काढून उभी राहिली. शेजारी गॅलरीत आले. समोरच्या डॉक्टरांनी रुग्णाला जीभ बाहेर काढून तसेच बसवून ठेवले आणि खाली येऊन चाकाला हात लावून गेले. मेहुणे गाडीला टेकून उभे राहिले आणि टेकल्या टेकल्या त्यांनी तिघांना तज्ज्ञ सल्ला दिला. मी इतका खूश होतो की जेवताना मला दोनदा उचकी लागली.

आई फक्त दारापाशी उभी राहून म्हणाली, "अरे, पण मी चढू कशी?"

पायरी तिच्या गुडघ्याच्या वर गेली होती. आम्ही स्टूल आणले. स्टुलावरून ती चढली, मागोमाग आम्ही सगळे चढलो, आणि मी गाडी सुरू केली. गल्लीच्या पहिल्याच खड्ड्यात मागून असा काही आवाज आला की ही किंचाळली. खर्रर्र! चाक मडगार्डला घासत होते. उतरलो, की बंद. बसलो, की सुरू.

टायरवाल्याने वाकून बघितले. "दोनच उपाय आहेत. चाक लहान करा, नाहीतर मागचं वजन कमी करा."

चाक लहान करणे शक्यच नव्हते. ठराव फेरविचारासाठी आणायचा तर पंधरा दिवसांची नोटीस लागते, हा नियम मीच केला होता. राहिले वजन. शनिवारी सकाळी मी न्हाणीघरातला वजनकाटा अंगणात मांडला. मागे वाळूच्या पिशव्या ठेवत, काढत, गाडी खड्ड्यातून फिरवत दुपारपर्यंत आम्ही शास्त्रशुद्ध निष्कर्षाला आलो. मागच्या आसनांवर एकशे दहा किलोपर्यंत चाक घासत नाही. एकशे अकराला घासते.

आता पुढे दोन जागा. चालवणार मी. शेजारी मेहुणे, कारण आवाज नेमका कुठून येतो ते फक्त त्यांना ओळखता येते, आणि त्यांचे शहाण्णव किलो मागे ठेवण्याची कुणाची छाती नव्हती. मागे ही, अठ्ठावन्न किलो. उरले बावन्न. चिरंजीव भरले बावन्न. आई भरली त्रेपन्न.

रविवारी सकाळी साडेसहाला आई नवे कपडे घालून गाडीशी आली, तेव्हा मी तिला वजनांचा तक्ता दाखवला.

"एका किलोने?" आईने विचारले.

"नियम म्हणजे नियम, आई."

"मी पिशवी घरी ठेवते."

"पिशवी आधीच वगळली आहे."

"मग चष्मा काढते. चपला काढते." आणि तिने खरोखरच चष्मा स्टुलावर ठेवला, अनवाणी काट्यावर उभी राहिली. काटा बावन्न किलो सहाशे ग्रॅमवर थांबला. पण अपूर्णांक पुढच्या पूर्णांकात धरावा, असा ठराव क्रमांक सोळा होता.

"अरे, मग याला ठेव ना घरी," तिने नातवाकडे बोट केले.

"समितीचा सदस्य वगळला तर गणपूर्ती होत नाही. तू सदस्य नाहीस, लाभार्थी आहेस."

"आणि मी येणार नसेन तर तुम्ही चौघं कशाला चाललात?"

या प्रश्नाची मी वाटच बघत होतो. "आई, ही चाकं मंजूरच मुळी मावशीच्या वाढदिवसाच्या प्रवासासाठी झालीत. गाडी गेली नाही, तर ती कोणत्या तोंडानं वापरायची? पुढच्या फेरीत तुझा अग्रक्रमानं विचार होईल."

"नाकापेक्षा मोती जड," आई एवढेच म्हणाली. तिने चष्मा घातला आणि आमच्याकडे एकेक करून बघितले. खोटे कशाला बोलू, मला फार वाईट वाटले. गल्लीच्या टोकापर्यंत मी आरशात तिच्याकडे बघत होतो. मग उजवीकडच्या दुकानाच्या काचेत आमची चाके फिरताना दिसली, आणि मी तिकडे बघू लागलो.

चार तासांच्या प्रवासाला आम्हाला साडेसहा तास लागले. दर मैलाला मेहुणे "डावीकडून!" असे ओरडायचे. आम्ही उतरायचो, वाकायचो, काही सापडायचे नाही, पुन्हा बसायचो. घाटात दरड कोसळली नाही. बर्फही पडला नाही. मेहुणे जरा हिरमुसले.

दीड वाजता मावशीचे दार वाजवले. दार आईने उघडले.

"या," ती म्हणाली. "आम्ही दोघी जेवून घेतलं. तुमची किती वाट बघायची?"

"तू कशी आलीस?" ही कशीबशी म्हणाली.

"कशी म्हणजे? बसनं. साडेसातची होती. एका बाईनं तिचं पोर माझ्या मांडीवर दिलं, चांगलं दहा-बारा किलोचं. कंडक्टर काही बोलला नाही." तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. नऊ वर्षांत बघितला नव्हता असा आनंद होता.

मला भरून आले. शरमेने मान खाली गेली. आईची क्षमा मागावी म्हणून मी तोंड उघडले, देवाशपथ सांगतो, क्षमाच मागणार होतो. पण सत्तावीस वर्षांची सवय. "आई," मी म्हणालो, "त्या बसचे टायर कुठल्या प्रकारचे होते गं?"

"काळे," आई म्हणाली, आणि आत बहिणीच्या शेजारी जाऊन बसली. दोघींच्या खुर्च्या अगदी चिकटून होत्या. दिवे लागेपर्यंत त्या बोलत होत्या, हसत होत्या, मध्येच एकमेकींचा हात हातात घेत होत्या. आम्ही चौघे अंगणात मावशीच्या शेजाऱ्यांना चाके दाखवत होतो.

ही हकीकत मी आतापर्यंत एकवीस जणांना सांगितली आहे. सगळे पोट धरधरून हसतात. मेहुण्यांना नावे ठेवतात, मला तर ठेवतातच. नऊ वर्षांनी भेटलेल्या त्या दोन बहिणी दिवसभर काय बोलल्या, हे मात्र एकानेही विचारलेले नाही. हसू ओसरले की प्रत्येकजण खुर्ची पुढे ओढतो आणि आवाज खाली आणून म्हणतो, "ते जाऊ द्या हो. पण ते टायर नेमके कुठले घेतलेत?" तुम्हीही आत्ता तेच विचारणार होतात. नाही म्हणू नका.