सामना संपला किंवा कसे

आमच्या कंपनीच्या सिंगापुरातील तांजोंग पगार येथील कार्यालयात रजेचा कोणताही अर्ज वर पाठवण्यापूर्वी, अमेरिकेत चालू असलेला बेसबॉलचा सामना संपला किंवा कसे, याची लेखी खातरजमा करणे आवश्यक आहे. नियम क्रमांक चार. मसुदा माझाच. मी निशिकांत, हुद्द्याने सीनियर सॉफ्टवेअर इंजिनिअर आणि गेल्या एप्रिलपासून सामना-समाप्ती निरीक्षण कक्षाचा सदस्य-सचिव. घरी बायको या दुसऱ्या पदाला हसते, पण ऑफिसात लोक मला विचारल्याशिवाय आजारीसुद्धा पडत नाहीत.

हे सुरू कसं झालं ते आधी सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल ही माणसं वेडी आहेत. आमचे सर्वोच्च साहेब ब्रॅड अमेरिकेत बसतात. त्यांची संध्याकाळ ती आमची सकाळ. एप्रिलमध्ये एकदा आठच्या कॉलवर ते हसत म्हणाले, "मंडळी, आमच्या गावच्या टीमची मॅच चालू आहे. बाकीचं मॅच संपल्यावर बोलू." आणि फोन ठेवला. एवढंच! दुसरा कुणी असता तर चहा पिऊन विसरला असता. पण आमचे मॅनेजर विश्वास सर पुण्यात आणि इथे मिळून चोवीस वर्षं नोकरी केलेले, आणि त्यातली निम्मी साहेबांचा मूड ओळखण्यात गेलेली. त्यांनी आम्हा सहाही जणांवरून नजर फिरवली.

"ऐकलंत? मॅच चालू असताना साहेबांना काहीही विचारायचं नाही. निशिकांत, पत्रक काढ."

"सर, पण रजेचे अर्ज तर तुम्हीच—"

"मी मंजूर करतोच रे. पण वरच्यांच्या कानावर घातलेलं बरं असतं."

तर पत्रक निघालं. त्यात एक रकाना होता : सामना संपण्याची अपेक्षित वेळ. आम्ही सगळे क्रिकेटवर वाढलेली माणसं, आम्हाला वाटलं असेल काहीतरी ठरलेलं. पंधरा दिवस सकाळी सात ते दहा सामने पाहिल्यावर लक्षात आलं, की या खेळाला घड्याळच नाही. नऊ डाव ठरलेले असतात, पण यजमान पुढे असले तर शेवटचा अर्धा खेळतच नाहीत. बरोबरी झाली तर दहावा, अकरावा, बारावा. म्हणजे कधी पूर्ण न होता संपतो, तर कधी पूर्ण होऊनही संपत नाही. मी हे सरांना सांगितलं. सर म्हणाले, "असं कसं चालेल? रकाना रिकामा ठेवता येत नाही." म्हणून कक्ष स्थापन झाला.

कक्षापुढचा पहिला प्रश्न, संपला म्हणजे नेमका कधी संपला? मोबाइलवरच्या ॲपनुसार ९ वाजून ४१ मिनिटांनी, वेबसाइटनुसार ९.४४, आणि टीव्हीवर तर खेळाडू ९.५० पर्यंत एकमेकांच्या पाठी थोपटत होते. कुशल नावाचा नवा मुलगा म्हणाला, "शेवटचा माणूस आउट झाला की संपला, त्यात काय!" त्याला सरांनी समजावलं, की आपल्याला खेळ संपण्याशी कर्तव्य नाही, साहेब उठण्याशी कर्तव्य आहे. शेवटी तिन्ही वेळांतली सर्वांत उशिराची वेळ धरावी, त्यात साहेबांच्या मनःशांतीसाठी दहा मिनिटं मिळवावीत आणि त्यांच्या झोपेआधी अर्ज पाठवावा असं ठरलं. टीम हरली तर अर्ज त्या दिवशी पाठवू नये, पुढच्या सामन्याला जोडावा. आणि सामना झाल्यावर लगेच साहेबांना एक ई-मेल जावी : 'आजचा सामना अमुक वाजता संपला. अमुक टीम जिंकली. आपले नम्र.' पहिल्या ई-मेलला साहेबांचं उत्तर आलं, 'थँक्स!' त्या दिवशी सरांनी आम्हाला इथल्या रस्सेदार नूडल्सचा लक्सा खिलवला.

नोंदींत घोळ होऊ नये म्हणून मी रजेच्या अर्जांच्या पोर्टलवर आणखी एक सोय करून ठेवली. मागच्या सामन्याची नोंद बंद झाल्याशिवाय पुढच्या सामन्याची नोंद उघडणारच नाही. सरांनी माझी पाठ थोपटली. मलाही बरं वाटलं, खोटं कशाला बोलू!

ऑगस्टमध्ये सुचित्रा मेश्रामने अर्ज केला. सुचित्रा आमच्याकडची सगळ्यात हुशार इंजिनिअर. मूळची भंडाऱ्याकडची, इथे बुकित बातोकला एका खोलीत भाड्याने राहते. तिची आई लताबाई जिल्हा परिषदेच्या शाळेत मुख्याध्यापिका. चौतीस वर्षांच्या नोकरीनंतर ३१ ऑगस्टला निवृत्त व्हायच्या होत्या, आणि गावाने शाळेच्या पटांगणात निरोप समारंभ ठेवला होता. बाईंनी एकटीने लेकीला शिकवलेलं. सुचित्राला ३० तारखेपासून तीन दिवसांची रजा हवी होती. बस, तीनच दिवस.

"मिळेल ना हो निशिकांत सर?" तिने विचारलं.

"अगं, न मिळायला काय झालं? अठराचा सामना संपला की पाठवतो."

अठराला टीम हरली. नियमाप्रमाणे अर्ज एकोणीसला जोडला. एकोणीसला टीम आणखी वाईट हरली. वीसला मात्र सामना रंगात आला. सहाव्या डावात बरोबरी होती, आम्ही सहाही जण मीटिंग रूममध्ये उभे राहून बघत होतो. सुचित्रा तर अमेरिकेतल्या त्या अनोळखी गावाच्या टीमसाठी हात जोडून बसली होती. आणि तिथे पाऊस कोसळला. मैदानावर ताडपत्री पसरली. तासाभराने जाहीर झालं की सामना तहकूब करण्यात आला आहे. समोरच्या टीमची या मैदानावरची ती शेवटची भेट असल्यामुळे उरलेला खेळ आता त्यांच्या मैदानावर, १६ सप्टेंबरला, जिथे थांबला तिथूनच सुरू होईल.

"म्हणजे संपला ना?" सुचित्राने विचारलं.

"नाही."

"मग चालू आहे?"

"तसंही नाही म्हणता येणार."

सर पडलेल्या चेहऱ्याने म्हणाले, "तहकूब म्हणजे न संपलेला. सामना संपल्याचं प्रमाणपत्र देता येणार नाही."

"मग एकवीसच्या सामन्याला जोडा माझा अर्ज!"

इथे माझी सोय आडवी आली. वीसची नोंद उघडी, म्हणून एकवीसची उघडेना. मी दोन तास खटपट केली, पण पोर्टल इतकं चोख बनवलं होतं की मलाच आत शिरता येईना. अर्ज मागे घेऊन नवा करावा म्हटलं, तर अर्ज मागे घेणं हेही वरच्यांच्या कानावर घालावं लागतं आणि त्यासाठी सामना संपलेला लागतो.

"सर, तुम्ही ब्रॅडला एक फोन कराल का?" तिने विश्वास सरांना विचारलं.

"फोन? अगं, असं थेट कसं विचारायचं? बरं दिसत नाही ते."

त्या दुपारी तिने स्वतःच ब्रॅडना ई-मेल लिहिली. चार ओळींची, साधी. पाठवण्याआधी मला दाखवली. मी वाचली आणि हळूच म्हटलं, "सुचित्रा, तुझा इथल्या नोकरीचा पास नोव्हेंबरला रिन्यू व्हायचाय ना? सरांना डावलून गेलीस तर उगाच नजरेत येशील. बघ बाई." मग तिने ई-मेल खोडली. मी तिच्या भल्यासाठीच बोललो होतो. तसं मी घरीही सांगितलं, दोनदा.

तिच्या आईचा रोज फोन यायचा. आमच्या टेबलांमध्ये अंतर ते किती, मला सगळं ऐकू यायचं.

"येऊन राहिली ना बाई तू? सरपंच विचारत होते."

"येते गं आई. फक्त मंजुरी यायची आहे."

"कशाची मंजुरी? आईकडे यायला?"

"तसं नाही. इथे एक सामना संपायचा आहे."

"कोण खेळून राहिलं? तू?"

"नाही गं."

"मग तू कशाला थांबून राहिली?"

नियम क्रमांक चार भंडाऱ्याच्या फोनवर समजावून सांगणं अवघडच होतं.

३१ ऑगस्ट उजाडला. त्या दिवशी सामना बघण्याची पाळी नेमकी सुचित्राची होती. नोंद करता येत नव्हती, पण म्हणून निरीक्षण थांबवता येत नाही. दहा वाजेपर्यंत तिने सामना पाहिला, संपल्याची वेळ कागदावर लिहिली आणि साडेअकराला पँट्रीत जाऊन मोबाइल पाण्याच्या मशीनला टेकवून ठेवला. पलीकडे पटांगणात मांडव, मुलं रांगेत, लताबाई निळ्या साडीत. नेटवर्क तुटत होतं. मी कॉफीच्या निमित्ताने आत गेलो तेव्हा बाई माइकवर बोलत होत्या. "माझी सुचित्रा आज येऊ शकली नाही. तिकडे सिंगापुरात तिच्यावर मोठी जबाबदारी आहे. तिच्याशिवाय तिथलं काम अडते." टाळ्या वाजल्या. सुचित्रा हुंदके देऊन रडत होती. मला लाज वाटली. मी कॉफी न घेताच बाहेर आलो, कारण साडेबाराच्या आत कक्षाचा साप्ताहिक अहवाल द्यायचा होता.

१६ सप्टेंबरला उरलेला सामना खेळला गेला. तासाभरात आटोपला आणि टीम जिंकली. मी उत्साहाने नोंद करायला बसलो, तर आणखी एक गोष्ट कळली. तहकूब सामना पुढे केव्हाही संपवला, तरी तो पहिल्याच तारखेचा धरतात. म्हणजे १६ सप्टेंबरला संपलेला सामना अधिकृतरीत्या २० ऑगस्टला संपला होता. पोर्टलने ते निमूट मान्य केलं आणि सुचित्राची ३० ऑगस्टपासूनची रजा २० ऑगस्टलाच मंजूर झाल्याचं दाखवलं.

सर खूश झाले. "बघ! मी म्हणत होतो ना, मिळेल म्हणून?"

दोन दिवसांनी एचआरच्या मिस लिम कागद घेऊन आल्या. मंजूर रजेच्या तीनही दिवशी सुचित्राचं कार्ड दारावर वाजलेलं होतं. रजेवर असताना कार्यालयात वावरणं हे सुरक्षेच्या नियमांत बसत नाही. "यू ऑन लीव्ह, व्हाय यू कम, लाह?" त्यांनी कळवळून विचारलं. आपण तीन दिवस कोणाच्या परवानगीने हजर होतो याचा लेखी खुलासा सुचित्राने सात दिवसांत द्यायचा होता. तिने दिला. मसुदा करायला मी मदत केली. झाल्या प्रकाराबद्दल दिलगीर आहे, यापुढे रजा नसेल तेव्हाच हजर राहीन, असं त्यात आहे.

ऑक्टोबरमध्ये ब्रॅड सिंगापूरला आले. उंच, हसतमुख माणूस. आम्हाला घेऊन ऑफिसखालच्या हॉकर सेंटरला जेवायला बसले आणि पिशवीतून त्यांच्या टीमच्या सात टोप्या काढल्या. "मला तुम्हाला भेटायची फार उत्सुकता होती," ते चिकन राइस खाता खाता म्हणाले. "रोज ई-मेल! सामना इतक्या वाजता संपला! काय फॅन आहात तुम्ही! मी तर सहाव्या डावालाच सोफ्यावर झोपतो. कोण जिंकलं ते सकाळी तुमच्यामुळेच कळतं."

विश्वास सरांनी टोपी घातली होती. ती त्यांनी सरळ केली.

"आणि रजेचे अर्ज?" सुचित्राने विचारलं. ब्रॅडशी ती थेट बोलत होती, पहिल्यांदाच.

"हां, तेही येतात कधीकधी. का येतात ते मला कळत नाही. पाच दिवसांपर्यंतची रजा विश्वासच देऊ शकतो, हँडबुकात आहे. मी न वाचताच ओके करतो. कुणी विचारलं असतं तर सांगितलं असतं, की नका पाठवू."

"३१ ऑगस्टला माझी आई रिटायर झाली," सुचित्रा म्हणाली.

"अरे वा! अभिनंदन!" ब्रॅड मनापासून म्हणाले आणि त्यांनी तिच्याशी हात मिळवला.

साहेब विमानात बसल्यावर विश्वास सरांनी बैठक घेतली. नियम चार रद्द करावा किंवा कसे, हे पाहण्यासाठी उपसमिती नेमली. तिची शिफारस पुढच्या मोसमातला पहिला सामना संपल्यावर साहेबांच्या कानावर घालायची आहे. सदस्य-सचिव मीच.

बैठकीनंतर सुचित्रा माझ्या टेबलापाशी आली. "निशिकांत सर, तुम्ही ते हँडबुक वाचलं होतं?"

"वाचलं होतं," मी म्हणालो. "पान अकरा."

नोव्हेंबरमध्ये तिचा पास रिन्यू झाला, आणि डिसेंबरमध्ये तिने राजीनामा दिला. तो मात्र तिने कोणाच्या कानावर न घालता थेट ब्रॅडना पाठवला. चार ओळींचा, साधा. सात मिनिटांत मंजूर झाला.

हसताय ना? हसा की. पण खरं सांगा, तिचा अर्ज अडकला तेव्हा तुमच्याही मनात आलंच असणार, की अरे, त्या माणसाला एकदा सरळ विचारा ना! आमच्या सहाही जणांच्या मनात तेव्हाच आलं होतं. मनात सगळ्यांच्याच येतं हो. बरं, ते जाऊ द्या. तुमच्या ऑफिसात सध्या कुणाचा अर्ज अडकलाय?