पायाचे तालुके

भानुदास गुरुजींच्या खिशात पेनाशेजारी कोंबडीचं पीस असे. कोणी भेटलं की रामराम होण्याआधीच ते म्हणत, "डोळे मिटा. पायजमा वर घ्या. पीस कुठं लागलं ते सांगा." जामखेडात एवढ्यावरून दुसऱ्या कुणाला मार बसला असता. गुरुजींपुढे लोक कंटाळून पायजमा वर घेत.

आमच्या शाळेत ते भूगोल शिकवत. त्यांची बायको पारूबाई बैलगाडीवरून पडल्या आणि त्यांचा डावा पाय बधिर झाला. "नस दबलीय. जाणीव आलीच तर वर्षभरात येईल," असं सांगून नगरचे डॉक्टर मोकळे झाले. गुरुजींनी कुठूनसा एक जाडजूड इंग्रजी ग्रंथ आणला आणि पायाचे तालुके पाडले. मांडीची पुढची बाजू फीमोरल नावाच्या नसेकडे, पोटरीची आतली सॅफेनसकडे, मांडीच्या बाहेरच्या बाजूला एका लांबलचक नावाच्या नसेचा अंमल. वर्गात मुलांना महाराष्ट्राचे जिल्हे येत नसत, पण सॅफेनसची हद्द सगळे घडाघडा सांगत.

दुष्काळी कामावर खडी फुटत होती तेव्हा एक साहेब पाहणीला आले. पोटावर करकचून रुंद पट्टा, मागे चार कारकून. धीर धरा, असं सांगताना ते सारखी मांडी चोळत होते. गुरुजी थेट पुढं गेले.

"बाहेरच्या बाजूनं जळजळतं ना? पट्ट्यानं नस दाबलीय. सैल करा."

साहेबांनी केला. जळजळ काही लगेच थांबली नाही. उरलेलं भाषण त्यांनी एका हाताने विजार धरून केलं.

"सायेब, दुसरा हात मोकळा हाय तर हातोडी घ्या की!" एक बाई ओरडली. त्या उन्हात बायका कितीतरी दिवसांनी हसल्या.

डॉक्टरांचं वर्ष उलटून गेल्यावर एकदा संध्याकाळी मी गुरुजींकडे गेलो. पारूबाई डोळे मिटून बाजेवर पडल्या होत्या. गुरुजी पायथ्याशी.

"आता?"

"पोटरी. आतून."

"बरोबर. आता?"

"घोटा. आज लई चांगलं समजतंय."

"बरोबर."

मी दारातच थांबलो. पीस पायापासून वीतभर वर, हवेत होतं.

गुरुजींनी ते खाली ठेवलं. मग तो पाय दोन्ही हातांनी घट्ट धरून ते नुसते बसून राहिले.

पारूबाईंचे डोळे मिटलेलेच होते.

"विचारा की वो," त्या म्हणाल्या. "थांबलात का?"