लताबाईंचे गुडघे आणि पाण्यावरची धाव

"माणूस पाण्यावरून पळत जाऊ शकतो. फक्त पायात वेग पाहिजे," असं तोतारामभाऊंनी जाहीर केलं आणि भरिताचा घास तोंडात टाकला. जणू रोज सकाळी तेच तळ्यावरून पलीकडे जाऊन दूध घेऊन येतात.

लताबाईंच्या हातातली पुरी तिथंच थांबली. नवऱ्याची तऱ्हा त्या ओळखून होत्या. शेतातली मोटर जळते व्होल्टेजनं आणि घरची अब्रू जळते ह्यांच्या बोलण्यानं.

आणि आजचा दिवस तसा घालवण्यासारखा नव्हता. हितेंद्रला पाहायला धुळ्याहून पाहुणे असोद्याच्या शेतात भरीत-पुरीला आले होते. योगराजभाऊ, त्यांच्या प्रमिलाबाई आणि मुलगी रूपाली, तिकडे शाळेत विज्ञान शिकवणारी. केळीचे घड कितीही वजनदार निघू द्या, मुलगा शेती करतो म्हटलं की मुलीकडचे फोनवरच 'कळवतो' म्हणतात आणि कधीच कळवत नाहीत. बांधापर्यंत आलेलं हे पहिलंच स्थळ. हितेंद्र अलीकडे घरात पाहुण्यासारखा गप्प असायचा. लेकाची ती शांतता लताबाईंना भांडणापेक्षा जड जायची.

"पोलीस भरतीत धावण्यात पह्यला आलता आमचा हितेंद्र," तोतारामभाऊ सुटले होते. "उंचीत बोटभर कमी भरला म्हनून राह्यलं. अहो, ह्या शेततळ्यावरून पयत जाईन तो."

योगराजभाऊ पोट हलवून हसले. रूपाली हसली नाही. वर्गात एखाद्यानं चुकीचं पण मजेदार उत्तर दिल्यावर बाई जशा बघतात, तसं तिनं हितेंद्रकडे पाहिलं.

"परदेशात एक सरडा आहे, तो पळतो पाण्यावरून," ती म्हणाली. "माणसाला जमवायचं तर नशिराबादच्या हायवेवरून गाड्या जातात तसं पळावं लागेल, ताशी शंभराच्या वर. आणि तेवढी ताकद कुणाच्याच पायात नसते."

"कोनी करून पाह्यलं का?" हितेंद्र म्हणाला. सकाळपासूनचं त्याचं हे पहिलं वाक्य.

"नाही. पण कुणी केलं तर बघायला आवडेल मला."

झालं. ती बोलली गमतीनं, ह्यानं ती अट समजली. ताट सारून तो उठला आणि बुटांच्या नाड्या आवळायला लागला.

लताबाई कावऱ्याबावऱ्या झाल्या. तोतारामभाऊंनी त्यांना खोपीमागं ओढलं.

"घाबरू नको. सोय करेल आहे."

मग त्यांनी सोय सांगितली. काल बापलेकांनी शेततळ्याच्या कोपऱ्यात केळीचे खांब सोडले होते, एकाला एक चिकटून, मधून दोर ओवून, हारासारखे. वर शेवाळ ओढलेलं. खांब तरंगणार, दोर त्यांना जागेवर धरणार, पोरगा वरून सुसाट निघून जाणार. पाहुण्यांना दिसणार फक्त पाणी. हितेंद्रनं काल जाऊनही पाहिलं होतं.

"म्हनजे हा विषय तुम्ही मुद्दाम काढला?"

"मंग? उगाच बोलतो का मी?"

लताबाई एकदम पुढं सरकल्या. "दोर कोनता लावला?"

"निळा. जाडा."

लताबाईंनी मान वळवून पाहिलं. योगराजभाऊंच्या डोक्यावर चार जुन्या साड्यांची सावली केलेली होती. साड्या अडकवल्या होत्या एका जाड निळ्या दोरावर.

सकाळी सावलीसाठी दोर हवा होता. शेततळ्याच्या खुंटीला एक दिसला, त्यांनी ओढला, तो सरसर निघून आला. एवढा लांब कसा, ओला कसा, असं मनात आलं होतं. पण पुऱ्या लाटायच्या राहिल्या होत्या. शिवाय आपण शेततळ्यावर गेलो होतो हे सांगायचीच सोय नव्हती. गुडघ्यांमुळे बांध चढवत नाही, असं त्या दोन वर्षांपासून सांगत होत्या, आणि म्हणून मोटर चालू करायला तोतारामभाऊंना जावं लागायचं. गुडघे दुखायचे, नाही असं नाही. मोटरीच्या वेळेला जरा जास्त दुखायचे, एवढंच.

आता बोलावं तर लबाडी पाहुण्यांसमोर उघडी पडणार, स्थळ गेलं. न बोलावं तर? शेततळ्याला आतून प्लास्टिकचा कागद, साबणासारखा गुळगुळीत. आत पडलेल्याला काठ दिसतो, धरता येत नाही. खोली दोन पुरुष. आणि हितेंद्रनं जन्मभर धावायचा सराव केला, पोहायला काही तो शिकला नाही.

स्थळ की पोरगा, एवढाच हिशोब होता. तो मांडायला लताबाईंना एक श्वास लागला, आणि तेवढ्यात योगराजभाऊ सोडून बाकी सगळे बांधावर पोचले होते. योगराजभाऊंचं भरीत संपायचं होतं.

"हितेंद्र, थांब रे बाप्पा, पयू नको," लताबाई ओरडल्या. पण तोतारामभाऊ टाळ्या पिटत होते आणि हितेंद्र निघाला होता.

पहिल्या खांबानं त्याला घेतलं. दुसरा पायाखाली लाटण्यासारखा फिरला. तिसरा काल जिथं होता तिथं आज नव्हताच. हितेंद्र क्षणभर हवेत पळाला, अगदी झोकात, आणि मग दिसेनासा झाला. वरून शेवाळ मिटलं.

टाळ्या थांबल्या.

"बाई व, हाऊ पोऱ्या कथा गया?" पोरगा कुठं गेला ते पाण्यावर शोधत प्रमिलाबाई अहिराणीत म्हणाल्या.

डोकं वर आलं. हात काठाच्या कागदावर आपटला, नखं घासली, घसरला. तोतारामभाऊ "दोर, दोर" करत केळीच्या बागेकडं पळाले. तिकडं दोर नव्हता.

लताबाई पळाल्या. खोपीपुढचा दोर त्यांनी एका हिसक्यात ओढला, सगळी सावली योगराजभाऊंवर कोसळली, आतून "भूकंप, भूकंप" ऐकू आलं. लताबाई थांबल्या नाहीत. मागं साड्यांची शेपटी, पायाखाली वांग्यांचे वाफे, समोर उभा बांध. तो त्या चढल्या कशा, हे त्यांना आजही आठवत नाही.

पहिली फेक आखूड पडली. डोकं पुन्हा खाली गेलं. दुसऱ्या वेळी दोराला गुंतलेला साडीचा पदर त्याच्या हाताला लागला आणि त्यानं मूठ आवळली. ओझ्यानं लताबाईच पुढं घसरल्या, तशी रूपालीनं त्यांना कमरेला मिठी मारली आणि टाचा मातीत रोवून खाली बसली. दोघींनी ओढला. प्रमिलाबाई मागून रूपालीला ओढत होत्या.

हितेंद्र काठावर आला. डोक्यावर शेवाळ, पायात एकच बूट. बरंच पाणी ओकल्यावर त्यानं रूपालीकडं पाहिलं.

"शंभराच्या खालीच पडला वाटतं वेग," तो म्हणाला.

रूपाली पहिल्यांदा हसली. मग तिची नजर काठाला लागलेल्या खांबाकडं गेली. त्याला आरपार भोक होतं. तिनं दोर पाहिला, पुन्हा भोक पाहिलं.

"काकू, हा दोर ह्यातला का?"

लताबाईंनी खाली पाहिलं. "सावली करायची होती, बेटा."

रूपालीनं पायानं तो खांब हळूच पाण्यात ढकलून दिला. तोवर योगराजभाऊ आले, खांद्यावर साडी, नाकाला भरीत. "काय झालं?"

"पाय घसरला त्यांचा," रूपाली म्हणाली.

पाहुणे 'कळवतो' म्हणून गेले. लताबाईंना तो शब्द पाठ होता. हितेंद्र पुन्हा गप्प झाला.

आठवड्यानं फोन वाजला. तोतारामभाऊंनी स्पीकर लावला.

"रूपालीला स्थळ पसंत शे," योगराजभाऊ म्हणाले.

लताबाई पिठाच्या हातानंच फोनजवळ आल्या. तोतारामभाऊंनी मिशीवर हात फिरवला. "धाव पाह्यली ना तिनं."

"तेच म्हणते ती. असं पळणारं माणूस घरात असलं की काळजी नाही म्हणते."

"आहेच आमचा हितेंद्र तसा."

"हितेंद्र नाही हो. विहीणबाई."

फोन बंद झाला. तोतारामभाऊंनी सावकाश वळून लताबाईंच्या गुडघ्यांकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

दुसऱ्या दिवसापासून मोटर चालू करायला लताबाई जातात. त्या धावेपासून गुडघे आता खरोखरच दुखतात, पण ते ऐकायला घरात कोणी तयार नाही. नवी सून तेवढी संध्याकाळी तेल चोळून देते, आणि चोळताना हसते.