थोरल्या मारियाचे तीन टोले

"एकदा ऐकलं की बसलं! माझा कान म्हणजे गळ आहे, गळ!" असं वुब्बो टेर्पस्त्रा दिवसातून एकदा तरी म्हणायचा, आणि आमचं गाव मुकाट्याने ऐकून घ्यायचं. चौकातल्या मनोऱ्यावरच्या लहानमोठ्या घंटांवर गाणी वाजवायची नोकरी त्याची. शनिवारच्या बाजारात तो वर बसून घंटांना जोडलेले लाकडी दांडे मुठींनी ठोकायचा आणि खाली लोक चीज निवडता निवडता, मान वर न करता म्हणायचे, "वुब्बो वाजवतोय वाटतं."

मान वर न करण्याचंच तर दुखणं होतं! नगरपालिकेच्या मनात आलं, घंटा संगणकाने वाजवाव्यात आणि वुब्बोला फुलांचा गुच्छ देऊन घरी पाठवावं. पुढच्या आठवड्यात गुरुवारी सभेत मतदान. वुब्बोची झोप उडाली. त्याची बायको येट्स्के हिची त्याहून जास्त उडाली, कारण हा माणूस दिवसभर घरात बसला असता, तर मुठींनी काय काय ठोकलं असतं देव जाणे!

शेवटी वुब्बोने नगराध्यक्ष फान हॉइकेलोम बाईंना पुलावरच गाठलं.

"बाई, शनिवारी चौकात या. गावातली तरुण पोरं माना वर करून घंटा ऐकतील. नाही ऐकल्या तर मी आपणहून नोकरी सोडतो!"

"लिहून द्याल?" बाई म्हणाल्या. आमच्याकडे उत्साहाला असंच उत्तर मिळतं.

आता त्याचा बेत ऐका. मनोऱ्यात एक भलंमोठं पितळी पिंप आहे. घड्याळ ते फिरवतं, पिंपावरच्या खुंट्या तारा ओढतात, तारा हातोडे उचलतात, आणि वर कोणी नसतानाही घंटा गातात. सव्वा वाजले की गाण्याची पहिली ओळ, साडेला दोन ओळी, पूर्ण तासाला अख्खं गाणं. खुंट्या वर्षातून दोनदाच बदलायच्या, एकेक नट पान्याने कसून. म्हणजे एकदा बसवलेलं गाणं सहा महिने गावाच्या डोक्यावर!

नेमकी खुंट्या बदलायची वेळ आली होती. वुब्बो खिडकीत बसला आणि सायकलवरून जाणारी पोरं काय गुणगुणतात ते ऐकू लागला. सगळी एकच चाल! काय गोड चाल! शेवटी जरा थांबायचं आणि मग तीन ठसके. ते तीन ठसके त्याने सगळ्यात जड घंटेला दिले. तिचं नाव थोरली मारिया. चारशे वर्षं तिने लग्नं, मर्तिकं आणि पूर एवढ्यांचीच खबर दिलेली. बोटं सोलवटून वुब्बोने सगळं गाणं पिंपावर चढवलं आणि बायकोलासुद्धा पत्ता लागू दिला नाही. खुंट्या बदलायच्या दिवसांत पिंप मुकं ठेवायची परवानगी असते; ती शनिवारी दहाच्या ठोक्यानंतर संपत होती.

शनिवारी तो येट्स्केला घेऊन चौकातल्या कॉफीच्या टेबलावर बसला. पुढ्यात सफरचंदाचा केक. पलीकडच्या टेबलावर नगराध्यक्ष बाई आणि त्यांचे सभासद. वुब्बोला बसवेना. पाय एकसारखा हलत होता, आणि त्याच्याबरोबर टेबल, आणि टेबलाबरोबर कॉफी.

सव्वादहा. पहिली ओळ वाजली.

बाजारातली पोरं थबकली. माना वर! मोबाइल वर! एकजण तर हसून हसून सायकलवरून पडला.

"बघितलंस?" वुब्बो उठून उभा राहिला. "बघितलंस ना?"

येट्स्केचा काटा हवेतच राहिला होता. ती शाळेच्या ग्रंथालयात काम करायची, तिला असल्या गोष्टी कळायच्या.

"वुब्बो, हे कुठून उचललंस?"

"पोरांकडून. गोड आहे ना?"

"शब्द माहीत आहेत तुला त्याचे?"

"शब्दांशी माझं काय काम? घंटेला काय जीभ असते?"

"अरे, ते पँटवालं गाणं आहे!"

पँटवालं गाणं म्हणजे रॉटरडॅमच्या दोन रॅपर पोरांनी केलेलं. नावेवर पार्टी, बिअर, नको त्या गोळ्या, पँट कालव्यात! रेडिओने ते बंद केलं, संसदेत प्रश्न विचारला गेला आणि त्यामुळे ते घराघरात पोचलं. आणि शेवटचे तीन ठसके म्हणजे नायक पोलिसाला काय म्हणतो ते. ते मी इथे लिहीत नाही, माझी आई अजून वाचते.

वुब्बोचा चेहरा केकवरच्या क्रीमसारखा झाला. "मारिया!" तो पुटपुटला. "मारियाच्या तोंडी मी..."

साडेदहाला दोन ओळी वाजल्या. आता मासेवाली रिन्स्केसुद्धा हेरिंग सोलत गात होती. "काका, फक्कड!" ती ओरडली. "तासाला पुरं होणार ना?"

"बंद कर ना ते!" येट्स्के म्हणाली.

"पिंप थांबवलं तर घड्याळ थांबतं. घड्याळ थांबवायला सभेचा ठराव लागतो. आणि खुंट्या पुन्हा काढायला जुन्या वास्तूंच्या खात्याची नवी परवानगी!"

"मग निदान मारियाचं तोंड तरी दाब!"

हे मात्र पटलं, पण तोवर अकरा वाजत आले होते. वुब्बो सुटला. वाटेत बाईंनी त्याचा हात धरला. "टेर्पस्त्रा साहेब, कमाल केलीत! पोरं खरंच ऐकताहेत की. कोणाची रचना?"

"लोकगीत!" वुब्बो किंचाळला आणि जिना चढू लागला.

धापा टाकत तो वर पोचला तेव्हा पिंप फिरायला लागलंच होतं. त्याने खुर्चीवरची उशी ओढली आणि मारियाच्या हातोड्याखाली कोंबली. वर अंगातला कोट, वर स्वेटर. लहान घंटा पँट शोधत गावभर किणकिणल्या. चौक गात होता, पण घंटांच्या गलक्यात शब्द नीट लागत नव्हते. मग ती थांबायची जागा आली. हातोडा उशीवर पडला. थप. थप. थप. मारियाने हूं की चूं केलं नाही!

वुब्बोने डोळे मिटून देवाचे आभार मानले.

आणि त्या निखळ शांततेत अख्ख्या बाजाराने ते तीन शब्द एका सुरात ठणकावले. मारिया बोलली असती तर निदान तिच्या आवाजात बुडाले असते! आता ते धरणापलीकडच्या गाईंनीही ऐकले. बाईंनी कपातली कॉफी सभासदांच्या अंगावर सांडली.

परवानगी यायला बुधवार उजाडला. वुब्बोने मारियाखालची उशी काढून टाकली, पण तोवर गाणं वाजत राहिलं आणि त्याच्या घरचा फोनही. रविवारी पाद्रीबुवांचा आला. "वुब्बो, मूक प्रार्थना चालू होती. मारियाने टोले दिले आणि शब्द आले मागच्या बाकावरून. आजीबाईंच्या बाकावरून!" औषधवाला, दंतवैद्य, पुतण्याची सासू, कोणी बाकी राहिलं नाही. वुब्बो प्रत्येकाला "क्षमा असावी" म्हणायचा, ठेवायचा, की पुन्हा ट्रिंग! रात्री तो येट्स्केला म्हणाला, "नोकरी गेली गं. चारशे वर्षांच्या बाईला मी बाजारात शिवी द्यायला लावली." आणि खरंच रडला.

गुरुवारी सभेत तो नोकरी सोडल्याचा कागद खिशात घालून बसला. बाई उभ्या राहिल्या.

"गावात एवढा गोंधळ झाला," त्या म्हणाल्या, "पण नगरपालिकेत एकही तक्रार आली नाही. एकही! सगळ्या टेर्पस्त्रांच्या घरी गेल्या. उद्या संगणक बसवला आणि तो चुकला, तर लोक फोन कोणाला करतील?"

सभासदांनी एकमेकांकडे पाहिलं, मग घाईघाईने हात वर केले. सगळ्यांनी! वुब्बो टेर्पस्त्राची नोकरी कायम!

वुब्बो धावत घरी आला. "येट्स्के! कलेचा विजय झाला! आणि ऐक, नगरपालिका आपल्याला एक वस्तू फुकट देतेय!"

"काय?"

"दुसरा फोन," वुब्बो जरा हळू आवाजात म्हणाला.