दगा नानांची शिरगणती

“सदुसष्ट मानसे! कोठे गयात? तूच खाई गया का त्यासले?”

दगा नाना ओरडत होते आणि कॉम्प्युटरवरचा ऑपरेटर खुर्चीसकट मागे सरकत भिंतीला चिकटला होता. नानांचा आवाज असा, की तहसील कचेरीच्या आवारात झोपलेली कुत्री उठून रांगेत उभी राहिली. स्क्रीनवर मोलगीच्या वरच्या अंगाच्या एका पाड्यापुढे लोकसंख्या होती : शून्य. नानांच्या जुन्या नोंदवहीत सदुसष्ट.

“नाना, शिरगणतीच्या पथकानं तसंच लिहिलंय. घरं बंद होती.”

“दारले काटासनी फांदी आडवी लायेल व्हती ना? मंग त्या येणार शेतस रे, बाबा!”

डोंगरातली माणसं दिवाळीनंतर ऊसतोडीला गुजरातेत जातात. जाताना दाराला काटेरी फांदी आडवी लावतात. घर आमचं आहे, होळीला येतो, असा त्याचा अर्थ. आमच्या पथकातल्या सपाटीवरच्या शहाण्यांनी काटे पाहिले, पायाला जपलं आणि लिहिलं, ‘निर्जन’. आता माणसंच नाहीत म्हटल्यावर पाड्यावरची अंगणवाडी खाली हलवायचं ठरलं. म्हणजे पोरांची खिचडी दोन डोंगर उतरून.

नाना माझ्या शेजारच्या टेबलाचे कारकून. माणूस दिसला की मोजायचा, हा त्यांचा रोग. विसरवाडीला बस थांबली की कंडक्टरच्या आधी यांची मोजणी पुरी. स्वतःच्या लग्नात मंगलाष्टकं संपली, अंतरपाट दूर झाला, नवरी हार घेऊन ताटकळली. हे मांडवाकडे तोंड करून पाचशे बारावर पोचले होते. “तोंडी आकडा मन्हाजोडे चालत नही,” हे दिवसातून वीसदा.

या वेळी साहेब वैतागून म्हणाले, “मग आणा तुमचा आकडा.”

होळीला आम्ही दोघं जीपनं निघालो. जीपमध्ये एकतीस माणसं, टपावर नऊ. एक जण अर्धा आत, अर्धा बाहेर लोंबकळत होता. नानांनी त्याला ‘स्थलांतरित’ धरलं.

पाड्यावर दारांवरच्या फांद्या निघाल्या होत्या. सगळे आले होते. नाचायला घुंगरू बांधलेल्यांना नानांनी थांबवलं, डोक्यावरची टोपी काढून उलटी धरली आणि हुकूम सोडला, “एक मानूस, एक खडा!” तान्ह्यांचे खडे आयांनी टाकले. नोंदवहीत नावं सदुसष्ट. टोपीत खडे अडुसष्ट.

नानांनी पुन्हा मोजले. अडुसष्ट. तिसऱ्यांदा मोजताना त्यांच्या कपाळाला घाम सुटला. “कोनी दोन टाकात?” ते गरजले.

भुरीबाई म्हणून एक म्हातारी पुढे आली. बाजारात शिकलेल्या मराठीत म्हणाली, “मी टाकले. एक माझा, एक तुझा. तू बी इथंच उभा ना?”

नानांची बायको वारली, मुलगा सुरतेला असतो, फोनसुद्धा करत नाही. रेशनकार्डावर नाना एकटेच. जिल्ह्याची सगळी डोकी मोजणारा हा माणूस, याचं डोकं कोणी मोजल्याचं मला तरी आठवत नाही.

“मी तं सरकारी शे,” नाना म्हणाले. एवढ्या हळू आवाजात त्यांना बोलता येतं, हे मला चाकरीच्या इतक्या वर्षांत माहीत नव्हतं. नोंदवहीत त्यांनी सदुसष्टच लिहिले. टोपी मात्र बराच वेळ उलटीच हातात धरून बसले.

परत आल्यावर नवा शर्ट घालून नाना साहेबांपुढे गेले. सदुसष्ट नावं, सदुसष्ट अंगठे, खाली माझी साक्षीदाराची सही. कागद दोन्ही हातांनी टेबलावर ठेवला.

“साहेब, एक भी कमी नही.”

साहेबांनी कागद उचलला नाही.

“शिरगणतीचं पोर्टल बंद झालंय.”