डीटरचा पंधरावा चित्रपट

डेट्रॉइटजवळच्या ट्रॉय गावातल्या नव्या घरी राहायला आलो त्या दिवशी मी गाडी ड्राइव्हवेमध्ये लावून उतरलो, तर शेजारचा एक उंच म्हातारा लॉनवरून आला आणि त्याने मला गाडी पुन्हा रस्त्यावर न्यायला लावली. मला वाटलं, पार्किंग चुकलं. तसं नव्हतं. माझी एन्ट्री चुकली होती. नव्या घरी आलेला माणूस आधी घराकडे बघतो, मोबाइलकडे नाही, असं त्याचं म्हणणं. मी मुकाट्याने पुन्हा आलो, घराकडे बघत. त्याने मान डोलावली आणि निघून गेला.

हा डीटर. पश्चिम जर्मनीत त्याने चौदा चित्रपट दिग्दर्शित केले होते. डोंगरातले देखणे डॉक्टर आणि त्यांच्या प्रेमात पडणाऱ्या गवळणी. ते तो मोजायचाच नाही. पंधरावा त्याने स्वतःच्या पैशाने काढला आणि बायकोला, हानाला, नायिका केलं. तो आठवडाभर चालला. मग कोणी काम देईना, म्हणून दोघं डेट्रॉइटला आली आणि रिटायर होईपर्यंत डीटरने कामगारांसाठी ब्रेक कसे बसवायचे याच्या फिल्म काढल्या. त्यातले ब्रेक माझ्या जुन्या नटांपेक्षा बरा अभिनय करायचे, असं तो गंभीरपणे सांगायचा. हाना आम्ही येण्याआधीच वारली होती.

दिग्दर्शन काही सुटलं नव्हतं. आमच्या गणपतीला त्याने आरती मध्येच थांबवली. एका काकांची सावली मूर्तीवर पडत होती. काकांना दोन पावलं मागे घेऊन आरती पहिल्यापासून झाली. खरं सांगतो, दुसऱ्यांदा चांगली झाली.

घरी प्रोजेक्टर आहे, पंधरावा चित्रपट बघायला या, असं त्याने २००४ मध्ये सांगितलं. मी हो म्हटलं. मग ऑफिसात सॉफ्टवेअरची रिलीज आली, मी कॅन्सल केलं. मग ऑन-कॉल ड्यूटी. मग इंडिया ट्रिप. दरवेळी तो शांतपणे म्हणायचा, "काही हरकत नाही, चित्रपट कुठे पळून जातोय."

२००६ मध्ये आई नागपूरहून आली होती. तिला घेऊन एका रविवारी दुपारी आम्ही गेलो. खुर्च्या मांडलेल्या. त्याने डबा उघडला आणि खोलीभर व्हिनेगरचा वास सुटला. फिल्म सडून, आकसून वेडीवाकडी झाली होती. प्रोजेक्टरवर चढेचना. दोन वर्षांपूर्वी सुरुवातीचा तुकडा लावून तपासला तेव्हा ठीक होता, एवढंच तो म्हणाला. दुसरी प्रत नव्हती.

मग तो पांढऱ्या पडद्यासमोर उभा राहिला आणि त्याने अख्खा चित्रपट सांगितला. हाना कुठे वळते, कुठे थांबते, सगळं करून दाखवत. आईला इंग्रजी येत नाही. तीही डोळे पुसत होती.

निघताना मी विचारलं, इतक्या वर्षांत तू एकट्यानेच का नाही बघितलास?

"एकट्याने बघितलं तर ती फक्त माझी गेलेली बायको," तो म्हणाला. "समोर प्रेक्षक बसले की ती नायिका असते."

लॉन ओलांडताना आईने विचारलं, काय म्हणाले रे ते? "आपण दोन वर्षं उशिरा आलो," मी म्हटलं.