एकोणीस मिनिटांच्या सिनेमाचं मध्यंतर

नातीच्या पहिल्या सिनेमाचं बटण आजोबांनी दाबायचं, हे घरात एकमताने ठरलं. चौतीस वर्षं थिएटरात मशीन चालवलेला माणूस घरात असताना दुसऱ्या कुणाचं नाव निघणं शक्यच नव्हतं. सिनेमा एकोणीस मिनिटांचा. लोक तो आपापल्या घरी, पण एकाच वेळी बघणार होते, आणि त्यांत एक निर्मात्या बाईही होत्या. त्यांना आवडला तर नातीला मालिकेचं काम मिळणार होतं.

"पण प्रेक्षक बसलेत कुठे?" आजोबांनी लॅपटॉपच्या मागेही डोकावून पाहिलं.

"आपापल्या घरी, आजोबा. हा आकडा बघा. त्रेपन्न."

"अरे वा! त्यातले बाल्कनीत किती?"

नात स्वयंपाकघरात गेली आणि कानांवर हात ठेवून बसली.

सिनेमा सुरू झाला. आजोबा अगदी रंगून गेले. नायिकेने बंद दाराच्या कडीला हात घातला आणि त्यांचं लक्ष घड्याळाकडे गेलं. साडेनऊ मिनिटं झाली होती. त्यांनी सवयीने बटण दाबलं, खोलीतला दिवा लावला आणि पाय मोकळे करायला खाली गेले.

त्रेपन्न घरांत नायिकेचा हात कडीवरच राहिला. मावशीने फोन बंद करून पुन्हा चालू केला. काकांनी इंटरनेटवाल्याला झापलं. शेवटी आत्याने घरी येऊन नातीला हलवलं, तेव्हा आकडा एकवीसवर आला होता आणि निर्मात्या बाई गेल्या होत्या.

आजोबा जिना चढून वर आले.

"आजोबा, काय केलंत हे?"

"मध्यंतर."

"एकोणीस मिनिटांच्या सिनेमाला?"

"अगं, लोकांनी एकमेकांशी बोलायचं कधी मग?"

"बाई निघून गेल्या हो!" नातीला रडूच कोसळलं. आजोबांचा चेहरा उतरला. मध्यंतर दिल्याचा पश्चात्ताप त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच होत होता.

तेवढ्यात फोन वाजला. बाईच होत्या.

"कडीवर हात आणि संपलं! काय शेवट आहे गं! हल्ली सगळे सगळं उलगडून सांगत बसतात."

नातीने डोळे पुसले. पुढची साडेनऊ मिनिटं लिहायला तिला आठ महिने लागले होते.

"नेमकं तिथेच थांबायचं, हे सुचलं कुणाला?"

"आजोबांना," खोटं बोलवेना म्हणून ती म्हणाली.

"अस्सं? मग मालिकेच्या कामाला सोमवारी त्यांनाच पाठव."